फिल्मवाचून फोटो

लग्नातला फोटो धुऊन यायला आठवडा लागे, ते दिवस आपल्यापैकी पुष्कळांना आठवत असतील. फिल्मवर चांदीच्या क्षारांचा लेप असे. त्यावर उजेड पडे आणि अंधाऱ्या खोलीत रसायनात बुडवल्यावर चित्र उमटे. ती अंधारी खोली गेली कशी?

ठिपक्यांची रांगोळी डोळ्यांपुढे आणा. चित्राचे ठिपके पाडायचे आणि प्रत्येक ठिपका किती उजळ, ते आकड्यात लिहायचे, एवढेच या विद्येचे मर्म. (शिक्षकांनी आलेखाच्या कागदावर मुलांकडून हे जरूर करून घ्यावे.) १९५७ साली अमेरिकेत रसेल कर्श यांनी आपल्या तान्ह्या मुलाचा फोटो १७६ गुणिले १७६ ठिपक्यांत गणकयंत्रात घातला. १९६५ मध्ये मरिनर-४ यानाने मंगळाची चित्रे आकड्यांतच धाडली. एकेका चित्राला आठेक तास लागत! तेवढा धीर कुणाला? इंजिनिअरांनी आकड्यांच्या पट्ट्या शेजारी शेजारी लावून हातानेच रंगवल्या, आणि मंगळ पाहिला.

१९६९ साली बेल प्रयोगशाळेत बॉईल आणि स्मिथ यांनी सीसीडीची कल्पना मांडली. उजेडाची वीज करून ती ठिपक्या-ठिपक्याने मोजता येईल, असा हा तुकडा. तो हाताशी घेऊन १९७५ च्या डिसेंबरात कोडॅक कंपनीतल्या स्टीव्हन सॅसन या पंचविशीतल्या इंजिनिअराने कॅमेरा जुळवला. वजन साडेतीन किलोंच्या वर, ठिपके अवघे दहा हजार, आणि एक चित्र कॅसेटच्या फितीवर उतरायला २३ सेकंद. पहिल्या फोटोत एका मुलीचे केस तेवढे ओळखू आले, चेहऱ्याचा नुसता गोंधळ! तारा उलट जोडल्यावर चेहरा दिसला.

साहेबलोकांनी विचारले, आपले फोटो टीव्हीवर पाहायची हौस कुणाला असणार? आज आपल्याला हसू येते. पण ते मूर्ख होते असे मला वाटत नाही. कंपनीचे पोट भरत होते ते फिल्म, कागद आणि रसायने विकून. रॉचेस्टर गावातल्या हजारो घरांच्या चुलीही त्यावरच पेटत. आपल्याच हाताने ती चूल कोण विझवील?

कोडॅकने १९७८ साली पेटंट मिळवले, १९९१ साली निकॉनच्या कॅमेऱ्यावर बेतलेला १३ लाख ठिपक्यांचा डिजिटल कॅमेराही विकायला काढला. त्याची साठवणीची पेटी वेगळी, खांद्याला अडकवायची. घेणारे बहुतेक वर्तमानपत्रांचे छायाचित्रकार. १९९५ साली कॅसिओने पाठीमागे छोटा पडदा असलेला कॅमेरा आणला, तेव्हा काढलेला फोटो जागच्या जागी दिसू लागला. जानेवारी २०१२ मध्ये कोडॅकने दिवाळखोरीसाठी कोर्टात अर्ज केला.