गेम लोडिंगलाच का अडकतो?

मंडळी, नव्वदच्या दशकात बारामती-इंदापूरकडे पोरांच्या हातात ब्रिक गेम असायचा. सेल टाका, बटण दाबा, सुरू! लोडिंगला अडकायचा प्रश्नच नाही, कारण प्रोग्रॅम चिपमध्येच पक्का बसवलेला. १९८९ च्या गेमबॉयचंही साधारण तेच. कोड थेट कार्ट्रिजमधून चालायचा, रुसलाच तर पिना मळलेल्या. (फुंकर नको, ओलाव्याने गंज चढतो.)

लोडिंग खरं जाणवलं ते २००४ च्या पीएसपीवर. डिस्क फिरणार, डेटा ३२ एमबी मेमरीत येणार. ओरखडा आला की तोच भाग पुन्हा पुन्हा वाचणार, आणि स्क्रीन ढिम्म!

म्हणून कपाटातला जुना पीएसपी अडकला, तर आधी दुसरी डिस्क लावून बघा. चालली तर दोष पहिल्या डिस्कचा, नाही तर संशय लेन्सवर. पुण्याची एसटी धरण्याआधी एवढं कराच.