मशीन चालू ठेवूनच सेल बदला

बंगळुरूच्या पीण्या औद्योगिक वसाहतीत, दुसऱ्या स्टेजमधल्या मागच्या गल्ल्यांतून सकाळी चालत निघालं, की एखाद्या शेडमधून अजूनही ट्रॉबचा आवाज येतो. ट्रॉब म्हणजे कॅमवर चालणारं जर्मन वळणाचं ऑटोमॅटिक लेथ. बार आत सरकतो, टूल पुढं येतं, कापतं, मागं जातं, तयार पार्ट खालच्या ट्रेमध्ये टपकतो. कुठलं टूल केव्हा यायचं, किती खोल जायचं, हे सगळं ठरवतात शाफ्टवर बसवलेल्या पोलादी चकत्या. चकतीच्या कडेचा चढउतार हाच तिचा प्रोग्रॅम. पार्ट बदलायचा असला की चकत्या बदला. माझ्या ओळखीच्या एका मालकाकडे भिंतभर खिळ्यांना कॅम टांगल्या आहेत, प्रत्येकीवर पांढऱ्या रंगानं पार्ट नंबर. त्यातली कितीतरी गिऱ्हाइकं केव्हाच बंद पडली, पण कॅम तशाच लटकताहेत. उद्या कुणी ऑर्डर घेऊन आलं, तर चढवली की काम सुरू. करंट गेला, महिनाभर शटर बंद राहिलं, तरी कॅम काही विसरत नाही.

मी सीएनसीच्या मेंटेनन्समधला माणूस. मूळचा निपाणीचा. रात्रीच्या बसनं निघालं की पहाटे तुमकूर रोडवर जालहळ्ळी क्रॉसला उतरायचं, हा रस्ता माझ्या पिढीच्या बऱ्याच निपाणी-बेळगावकरांना झोपेतही पाठ आहे. तेव्हा तो एनएच ४ होता, आता ४८ झालाय. माझी निम्मी नोकरी मशीनला विसरू न देण्यात गेली आणि उरलेली निम्मी, विसरलेल्या मशीनला पुन्हा शिकवण्यात.

पीण्याचा इतिहास लोक आर्यभटापासून सांगतात, आणि ते बरोबरच आहे. १९७२ साली यू. आर. राव यांच्या चमूनं इथल्याच औद्योगिक शेडमध्ये देशाचा पहिला उपग्रह बांधायला घेतला. १९ एप्रिल १९७५ रोजी तो रशियातल्या कापुस्तिन यारहून उडाला. वजन ३६० किलो. बंगळुरूत त्याच्याकडून येणारी माहिती घेण्यासाठी एक शौचालय रिकामं करून तिथं यंत्रं मांडली होती, ही गोष्ट इथं प्रत्येक नव्या अप्रेंटिसला ऐकवली जाते. पुढं दोन रुपयांच्या नोटेवर आर्यभट छापला गेला. आज इस्रोचं उपग्रहांवर नजर ठेवणारं केंद्र, इस्ट्रॅक, पीण्यातच आहे. पण माझ्या धंद्याचं गाव उभं राहिलं ते पलीकडच्या जालहळ्ळीच्या जिवावर. तिथं १९५३ मध्ये एचएमटी आली, शेजारी बीईएल, तुमकूर रोडवर १९६२ साली सीएमटीआय. मशीन कशी बांधायची हे हात शिकले, आणि शिकलेल्या हातांना स्वतःचं शटर हवं झालं. १९७८ मध्ये पीण्या इंडस्ट्रीज असोसिएशन झाली. १९७९ मध्ये शिरगुरकर, साठे आणि मचाडो या तिघांनी एस डिझायनर्स काढली. त्यांची सीएनसी लेथ पुढं शिरोलीपासून चिंचवडपर्यंत पोहोचली. नावं वाचून आपल्या माणसांना जरा बरं वाटतं, मलाही वाटतं, लपवत नाही.

सीएनसीच्या आधी होती नुसती एनसी, आणि तिची आठवण कागदी टेपवर असायची. एक इंच रुंदीची पट्टी, आडव्या ओळीत आठ भोकांची जागा, दर इंचाला दहा ओळी. म्हणजे इंचाला दहा अक्षरं. ही टेप रीडरमधून पुढं सरकायची आणि मशीन एकेक ओळ वाचून चालायची. तेल लागलं की टेप लिबलिबीत, घडी पडली की फाटायची. तरी ती डोळ्यांना दिसायची. जुने ऑपरेटर भोकं बघून अंक सांगायचे. माझ्या मते आमच्या धंद्यातला हा शेवटचा प्रामाणिक काळ. काय लिहिलंय ते हातात धरता यायचं.

टेप गेली, पण तिचा अंमल गेला नाही. फॅनक कंपनीच्या कंट्रोलवर प्रोग्रॅम बाहेर पाठवायचा असला तर कित्येक वर्षं जी की दाबायची तिच्यावर ‘पंच’ असंच लिहिलेलं असायचं. भोकं पाडणारं यंत्र शहरात उरलेलं नव्हतं, तरी. प्रोग्रॅमच्या सुरुवातीला आणि शेवटी टक्क्याचं चिन्ह लागतं, तेही टेप गुंडाळून परत आणताना कुठं थांबायचं हे कळावं म्हणून आलेलं. आणि सगळ्यात गंमत म्हणजे मेमरी मीटरमध्ये विकली जायची. ‘३२० मीटरची मेमरी’ म्हणजे ३२० मीटर टेपवर मावेल एवढी, साधारण १२८ केबी. कोटेशनमध्ये हे वाचून आमच्या अकाउंट्सच्या बाईंनी एकदा विचारलं होतं, एवढी वायर कशाला मागवलीय.

मग आला सेलचा काळ. प्रोग्रॅम आणि पॅरामीटर आता कंट्रोलच्या आतल्या रॅममध्ये राहू लागले, आणि मशीन बंद असताना ती रॅम जागी ठेवायला मागं बॅटरी. फॅनकच्या झिरो सिरीजला टॉर्चमध्ये घालतात तसले तीन जाड सेल लागायचे, पुढच्या मॉडेलांना तीन व्होल्टची लिथियम. सेल उतरायला लागला की स्क्रीनच्या खाली ‘बॅट’ ही अक्षरं मिचमिचू लागतात. मग सेल बदलायचा, पण मशीन चालू ठेवूनच. बंद करून काढला तर रॅमला आधार उरत नाही. पॅरामीटर उडाले की मशीनला आपला टरेट कुठं, स्क्रूचा पिच किती, होम कुठं, काहीच ठाऊक नसतं. कॅबिनेटच्या दाराच्या आतल्या बाजूला कंपनीनं दिलेला पॅरामीटरचा कागद चिकटवलेला असतो. तो शोधायचा, वाचता येत असला तर नशीब म्हणायचं, आणि एकेक आकडा हातानं भरत बसायचं. ९०० नंबरपासूनची ऑप्शनची ओळ चुकली तर काही फंक्शनं मिळतच नाहीत.

इथल्या ऑपरेटरला हे कसं समजवायचं? करंट होय्तु, म्हणजे करंट गेला, हे त्याच्या रोजच्या कानावरचं. करंट जातो आणि येतो, त्यात काय. लाईट जाणं आणि मशीननं विसरणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे त्याला पहिल्यांदा पटतं ते खंडेनवमीनंतर.

खंडेनवमीला पीण्या ओळखू येत नाही. शटरला केळीचे खांब, मशीनच्या पॅनेलवर हळदकुंकवाची बोटं, स्पिंडलला झेंडूची माळ, आणि दारात कुंकू भरून फोडलेले कोहळे. रस्ताभर तो लाल गर पसरलेला, दुचाकीवाल्यांनी जपून जावं. पूजा झाली की मेन स्विच खाली. त्यापुढचे काही दिवस मशीन एकटी, फक्त सेलच्या भरवशावर. उतरलेला सेल नेमका तेव्हाच दगा देतो. म्हणून आमच्याकडे रिवाज पडला: पूजेआधीच्या आठवड्यात सगळ्या मशीनचे सेल बदलायचे आणि कव्हरवर तारीख लिहायची. नवा सेल आणि लिंबू-मिरची एकाच यादीत येतात. २०२० च्या मार्चमध्ये टाळेबंदी लागली तेव्हा असा काही आठवडा मिळालाच नाही. शटरं पुन्हा उघडली तेव्हा एका शेडमध्ये तीन लेथ एका ओळीत कोऱ्या झालेल्या पाहिल्या. मालकानं बॅटरीचा खर्च वाचवत आणलेला होता. त्याचं नाव सांगत नाही, अजून माझं गिऱ्हाईक आहे.

हे सगळं आठवायचं कारण माझी भाची. ती यशवंतपूरला राहते, कोडिंगचं काम करते. लहानपणी तिच्या बाबांनी सिंगापूरहून आणलेला गेम बॉय अ‍ॅडव्हान्स एसपी तिनं परवा बाहेर काढला, आणि त्यातली ‘पोकेमॉन सफायर’ची कॅसेट घेऊन आली.

“मामा, हिची बॅटरी मेलीय म्हणे. तुझं तर हेच काम.”

“सेव्ह गेलं?”

“नाही, तेच तर. सेव्ह आहे. झाडं वाढत नाहीत.”

मला हसू आलं, मग तीन टोकांच्या खाचेचा स्क्रू काढून कॅसेट उघडली. आत एक काळी मास्क रॉम, म्हणजे ज्यात गेम कारखान्यातच कोरलेला असतो ती चिप. ही आमची कॅम. तिला काही होत नाही. शेजारी १२८ केबीची फ्लॅश, सेव्ह तिच्यात. १२८ केबी, म्हणजे माझ्या जुन्या लेथच्या ३२० मीटर टेपएवढीच जागा, हे बघून मी भाचीला टेपचं सगळं पुराण ऐकवलं आणि तिनं ते सभ्यपणे ऐकून घेतलं. कोपऱ्यात सीआर १६१६ जातीचा बटणसेल, सोळा मिलिमीटर व्यासाचा, १.६ जाडीचा. त्याच्यावर फक्त घड्याळ चालतं. घड्याळ थांबलं म्हणून बोरांची झाडं वाढायची थांबली, आणि गुहेतली भरती-ओहोटीही. याच्या आधीच्या ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’मध्ये घड्याळ आणि सेव्ह दोन्ही एकाच सीआर २०२५ वर होते. तो मेला की सगळंच कोरं, अगदी माझ्या लेथसारखं.

या दोन गेमांच्या मधल्या तीन वर्षांत जे बदललं त्याचं नाव फ्लॅश. तोशिबातल्या फुजिओ मासुओकांनी ती १९८४ साली मांडली. त्याआधी आमच्याकडे इप्रॉम असायची. १९७१ मध्ये इंटेलच्या डोव्ह फ्रोमननं काढलेली, पाठीवर काचेची खिडकी असलेली चिप. लेथची लॅडर, म्हणजे कुठलं काम कोणत्या क्रमानं हे सांगणारा प्रोग्रॅम, तिच्यात भरायची. पुसायची असली तर अतिनील दिव्याच्या डब्यात वीसेक मिनिटं ठेवायची, आणि भरल्यावर खिडकीवर स्टिकर चिकटवायचा, नाहीतर उजेडानं हळूहळू पुसली जाते. फ्लॅश विजेनंच पुसली जाते आणि वीज नसतानाही जपते. खिडकी नको, सेलही नको.

सेल बदलून दिला. टॅब लावलेला सेल मिळतो तोच घ्यावा, नुसत्या सेलवर सोल्डरिंग आयर्न टेकवू नये, आतलं रसायन तापतं. पण भाचीला कॅसेटला रोज हात लावायची भीती वाटू लागली होती, म्हणून तिनं फ्लॅश कार्ट्रिज मागवलं: ईझी-फ्लॅश ओमेगा. बाहेरून कॅसेटच्याच आकाराचं, वरच्या कडेला मायक्रोएसडी कार्डाची खाच. कार्ड एस. पी. रोडवरून आणलं. ते फॅट३२ मध्ये फॉरमॅट केलं, कर्नलची, म्हणजे कार्ट्रिजच्या स्वतःच्या प्रोग्रॅमची, फाईल सगळ्यात बाहेरच्या फोल्डरमध्ये ठेवली, आणि ‘आर’ बटण दाबून धरत गेम बॉय चालू केला. कर्नल अपडेट झाला आणि मेनू आला. मग तिनं स्वतःच्या कॅसेटमधला गेम आणि सेव्ह एका छोट्या रीडरनं लॅपटॉपवर काढून घेतले आणि कार्डावर टाकले. आपल्या हक्काच्या प्रतीची बॅकअप प्रत काढायला १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं ५२ वं कलम मुभा देतं. दुसऱ्याचे गेम गोळा करणं हा वेगळा धंदा, त्यात मामा पडत नाही. गेम निवडला की तो कार्डावरून कार्ट्रिजच्या आतल्या रॅममध्ये उतरतो. कायमचा ठेवायचा तर नॉर फ्लॅशमध्ये लिहून घ्यायचा, तो मग कार्ड नसतानाही चालतो. सोळा एमबीचा गेम. मी मनात हिशेब केला: टेपवर छापला असता तर बेचाळीस किलोमीटर. म्हणजे पीण्याहून निघालेली पट्टी नेलमंगल ओलांडून दाबसपेटेकडे गेली असती.

गंमत पुढं आहे. या पहिल्या ओमेगामध्ये गेमनं केलेलं सेव्ह आधी आतल्या छोट्या रॅममध्ये जातं, आणि पुढच्या वेळी चालू केल्यावर तिथून कार्डावर लिहिलं जातं. मधल्या काळात तिला जागं कोण ठेवतं? बटणसेल. भाचीला हे सांगितल्यावर ती म्हणाली, “म्हणजे आपण पुन्हा तिथंच?” नंतरच्या मॉडेलमध्ये सेलऐवजी फ्रॅम घातलीय, ती विजेशिवायच जपते, असं तिनंच शोधून सांगितलं. मी म्हटलं, तोवर खेळून झालं की एकदा बंद करून चालू करायची सवय ठेव.

गेल्या महिन्यात मी तिला शेडवर नेलं. एका जुन्या लेथला आम्ही नुकताच एक डबा जोडला होता. पंचवीस पिनांच्या सीरियल पोर्टला लागणारा, आत मेमरी कार्ड. लेथला वाटतं समोर टेप रीडरच आहे. ‘रीड’ दाबलं की ती नेहमीसारखी एकेक अक्षर वाचते, टक्क्याच्या चिन्हापासून टक्क्याच्या चिन्हापर्यंत, आणि कार्डातला प्रोग्रॅम निमूट आत घेते. भाचीनं डब्याकडं बघितलं, मग खिशातून आपलं कार्ट्रिज काढून शेजारी धरलं आणि फोटो काढला. ऑपरेटरला वाटलं पूजेचा फोटो आहे, त्यानं घाईनं पॅनेलवरचा सुकलेला हार नीट केला. प्रोग्रॅम कार्डावर गेले खरे. पॅरामीटर मात्र अजून त्या तीन जाड सेलांवरच आहेत, आणि कव्हरवरची तारीख गेल्या वर्षीची आहे.