निळीच्या कुंडाची राखण

मोराविया हा चेक प्रजासत्ताकाचा पूर्वेकडील प्रांत. तेथील ग्रामीण स्त्रियांच्या घागऱ्यांवर आणि कमरेला बांधावयाच्या एप्रनवर एकेकाळी गर्द निळ्या रंगात पांढरी बारीक फुले उमललेली दिसत. ह्या कापडास चेक भाषेत ‘मोद्रोतिस्क’, अर्थात निळी छपाई, असे म्हणतात. तिचे मूळ शोधू गेल्यास आपण आपल्याच दाराशी येतो. सतराव्या-अठराव्या शतकांत भारतातील छापील सुती कापडाने आणि निळीने युरोपास वेड लावले, आणि तेथील रंगारी ती विद्या आपापल्या परीने शिकले. (चंपारणच्या 1917 च्या लढ्यामुळे आपल्याला नीळ म्हटली की शेतकऱ्याचे अश्रू आठवतात, ही गोष्ट वेगळी.)

ह्या छपाईत ठशाने रंग उमटवीत नाहीत, रंग अडवितात. डिंक, पांढरी माती व मोरचूद ह्यांच्या लेपात ठसा बुडवून तो कापडावर दाबतात. लेप पुरता वाळला, की कापड आकड्यांच्या चौकटीस टांगून निळीच्या कुंडात सोडतात. बाहेर काढताना ते पिवळसर हिरवे दिसते आणि हवा लागताच पाहता पाहता निळे होते. हवी तितकी गडद छटा येईपर्यंत पुन्हा बुडी, पुन्हा हवा. शेवटी सौम्य आम्लाने लेप धुतला, की त्याखालची फुले पांढरीशुभ्र प्रकटतात.

यंत्रावरील स्वस्त छपाईपुढे हे लहान कारखाने टिकेनात. 1948 नंतर साम्यवादी राजवटीने खाजगी धंदेच बंद पाडले. तरीही ओलेश्निट्से येथील डांझिंगर आणि स्त्राझ्निट्से येथील योख ह्या दोन घराण्यांची कुंडे भरलेली राहिली. 1945 साली राष्ट्राध्यक्षांच्या आदेशाने स्थापन झालेल्या लोककला-उत्पादन केंद्राने त्यांना आसरा दिला. केंद्रातील चित्रकारांनी जुन्या नक्ष्या अभ्यासून शहरी घरांना शोभतील असे टेबलक्लॉथ, पडदे आणि पोशाख योजिले. कारागीर मात्र स्वतःच्या कारखान्याचा धनी राहिला नाही. आमच्या मते हा आसरा आणि ही बेडी एकाच लोखंडाची होती. तरी तो नसता, तर हे कसब वस्तुसंग्रहालयाच्या काचेआड गेले असते.

1989 च्या क्रांतीनंतर धंदा पुन्हा घराण्यांकडे आला. पुढे केंद्र बंद झाले, आणि बाजाराच्या वाऱ्यात कारागीर एकटे उभे राहिले. 2001 पासून चेक सांस्कृतिक मंत्रालय निवडक कारागिरांना ‘परंपरेचे वाहक’ हा किताब देते. 2018 मध्ये चेकसह ऑस्ट्रिया, जर्मनी, हंगेरी व स्लोव्हाकिया ह्या पाच देशांच्या निळ्या छपाईस युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत स्थान मिळाले.

पण खरी चिंता ठशांची आहे. नाशपातीच्या लाकडावर नक्षी कोरून, तिच्या बारीक रेघा व ठिपके पितळी पट्ट्यांनी आणि खिळ्यांनी बसवावे लागतात. कारखान्यांतील बरेच ठसे आजोबा-पणजोबांच्या काळातले. लेपाने आणि वापराने ते झिजत चालले आहेत. नवा ठसा घडविणारे हात फार थोडे उरले आहेत.