दिनविशेष : १३ मार्च – छायाचित्रकार बनी येगर

सौंदर्यछायाचित्रणाच्या, एरवी पुरुषांचीच मिरास मानल्या गेलेल्या, प्रांतात स्वकर्तृत्वाने स्थान मिळविणाऱ्या अमेरिकन छायाचित्रकार बनी येगर यांचा जन्म आजच्या दिवशी १९२९ साली पेनसिल्व्हेनिया राज्यात झाला. मायामी येथे मॉडेल म्हणून लौकिक संपादन केल्यावर, स्वतःच्या छायाचित्रांच्या प्रती काढण्याचा खर्च वाचावा एवढ्याच माफक हेतूने त्यांनी १९५३ साली छायाचित्रणाच्या रात्रवर्गात नाव दाखल केले आणि तोच पुढे त्यांचा पेशा झाला. १९५४ साली मॉडेल बेटी पेज यांची चित्त्यांसमवेत त्यांनी टिपलेली छायाचित्रे विख्यात झाली. जानेवारी १९५५ च्या ‘प्लेबॉय’मध्येही पेज यांचे त्यांनीच घेतलेले चित्र झळकले. फ्लोरिडाच्या प्रखर उन्हात चेहऱ्यावर पडणाऱ्या सावल्या उजळाव्यात म्हणून त्या भरदिवसा फ्लॅश वापरीत, आणि मॉडेलचे पोहण्याचे पोशाख पुष्कळदा स्वहस्ते शिवीत. येगर यांचे निधन २५ मे २०१४ रोजी झाले.