न ऐकता ठेवलेला ठपका : सातारा, १८३९

मोहम्मद नईम खटल्यात (१९६३) समस्त पोलीस दलावरील उच्च न्यायालयाचे शेरे वगळताना सर्वोच्च न्यायालयाने कसोटी घालून दिली : ज्याच्यावर ठपका ठेवला, तो न्यायालयापुढे होता काय किंवा त्याला खुलाशाची संधी होती काय? साताऱ्याच्या छत्रपती प्रतापसिंह महाराजांच्या प्रकरणास ही कसोटी लावून पाहण्यासारखी आहे.

देशी पलटणीतील अंमलदारांना फितविल्याच्या आरोपाची चौकशी १८३६ मध्ये तीन इंग्रज अधिकाऱ्यांनी गुप्तपणे केली. पुढे गोव्याच्या पोर्तुगीजांशी संधान बांधल्याचा पुरावा रेसिडेंट ओव्हान्स याने महाराजांच्या पाठीमागे जमविला; त्याला उत्तर देण्याची संधी त्यांना मिळाली नाही. ऑगस्ट १८३९ मध्ये गव्हर्नर कार्नाक याने गादी राखण्यासाठी अटी पुढे केल्या. त्यांवर सही करणे म्हणजे गुन्हा कबूल करणेच होते. महाराजांनी सही नाकारली. सप्टेंबरमध्ये ते पदच्युत झाले. १८४७ मध्ये काशीस निवर्तले.

कंपनीचा निर्णय राजकीय होता, न्यायिक नव्हे, हा आक्षेप खरा. परंतु त्याला आधार दाखविला गेला तो पुराव्याचाच. रंगो बापूजींची लंडनमधील चौदा वर्षे आपण स्वामिनिष्ठेची कथा म्हणून सांगतो. त्यांची मागणी मात्र साधी होती : आधी चौकशी करा, मग दोष ठरवा. कंपनीच्या भागधारकांपुढे जॉर्ज थॉम्प्सन यानेही हीच बाजू लढविली. उघड चौकशी अखेरपर्यंत झाली नाही.