बीडची पहिली मतपेटी

मराठवाड्याचा इतिहास सांगताना आपण १७ सप्टेंबर १९४८ची निजामाची शरणागती सांगतो आणि तेथून थेट भाषावार प्रांतरचनेवर येतो. मधली साडेतीन वर्षे निसटतात. या काळात बीड जिल्ह्यावर राज्य होते, पण ते लोकांनी निवडलेले नव्हते.

१३ सप्टेंबरला सुरू झालेल्या मोहिमेला ‘पोलीस कारवाई’ म्हटले गेले. नाव पोलिसांचे, काम लष्कराचे. त्यानंतर मेजर जनरल जयंतनाथ चौधरी हैदराबादचे लष्करी राज्यपाल झाले. याला लष्करी उठाव म्हणता येणार नाही. सैन्य दिल्लीच्या लोकनियुक्त सरकारच्या हुकमाने आले होते आणि चौधरींना अधिकार देणारे फर्मान निजामानेच काढले होते. तरीही गावपातळीवर फरक एवढाच, की हुकूम देणारा बदलला. रझाकारांची दहशत संपली. मात्र त्याच वेळी निरपराध मुसलमानांवर सूड उगवला गेला. पंडित सुंदरलाल यांच्या समितीने तशी नोंद केली, त्यात बीडचाही उल्लेख आहे. हा अहवाल सरकारने तेव्हा प्रसिद्ध केला नाही. प्रश्न विचारायला विधिमंडळच नव्हते.

या राजवटीने काहीच केले नाही, असे मात्र नाही. ऑगस्ट १९४९मध्ये जहागिऱ्या रद्द झाल्या. त्याच वर्षाच्या अखेरीस चौधरी गेले आणि २६ जानेवारी १९५०पासून सनदी अधिकारी एम. के. वेल्लोडी मुख्यमंत्री झाले. निजाम राजप्रमुख म्हणून राहिला! कुळांना संरक्षण देणारा १९५०चा कायदाही याच काळातला. म्हणजे जमिनीचे सर्वांत मोठे निर्णय ज्यांच्याविषयी झाले, त्यांना त्यावर मत नव्हते.

ते मत १९५२च्या आरंभी मिळाले. निजामी राजवटीत १९४६च्या सुधारणांनुसार निवडणूक झाली होती; पण मताधिकार मोजक्यांना होता आणि स्टेट काँग्रेसने तीवर बहिष्कार टाकला होता. आता एकवीस वर्षांवरील प्रत्येक स्त्रीपुरुषाला एक मत. प्रत्येक उमेदवाराची वेगळी पेटी, तिच्यावर चिन्ह. मतपत्रिकेवर शिक्का मारायचा नाही, ती हव्या त्या पेटीत टाकायची. निरक्षर कुळालाही कोणाला विचारावे लागत नव्हते.

निकाल बोलका होता. राज्यात १७५पैकी ९३ जागा जिंकून काँग्रेस सत्तेवर आली आणि ६ मार्चला बुर्गुल रामकृष्णराव मुख्यमंत्री झाले. हैदराबाद मुक्तिलढ्याचे नेते आणि अंबाजोगाईच्या योगेश्वरी शाळेतील एके काळचे शिक्षक स्वामी रामानंद तीर्थ गुलबर्ग्याहून लोकसभेत गेले. बीडची लोकसभेची जागा मात्र पीपल्स डेमोक्रॅटिक फ्रंटच्या रामचंद्र गोविंद परांजपे यांना मिळाली. राज्यात कम्युनिस्ट पक्षावर बंदी असल्याने त्याचे कार्यकर्ते याच आघाडीतून लढत होते.

काँग्रेसच्या लढ्याचे ऋण बीडचा मतदार विसरला, असा याचा अर्थ मी लावत नाही. स्वातंत्र्य मिळवून देणारा आणि राज्य चालवणारा यांचा हिशेब त्याने वेगवेगळा मांडला, असे मला वाटते. पुढे १९६७मध्ये याच मतदारसंघाने क्रांतिसिंह नाना पाटलांना लोकसभेत पाठवले, तेव्हाही सत्ताधारी पक्षाला नकार मिळाला.

१७ सप्टेंबरला आपण झेंडा फडकवतो, ते योग्यच आहे. त्या दिवशी निजामाची सत्ता गेली. ती बीडच्या माणसाच्या हाती यायला मात्र १९५२ उजाडावे लागले.