'फॉरसूथ' : एका ग्वाहीची घसरण

जुन्या इंग्रजी नाटकांत 'फॉरसूथ' हे क्रियाविशेषण वारंवार भेटते. कोशात 'खरोखर', 'निश्चितपणे' असा अर्थ सापडतो. पण तो घेऊन वाचू लागावे, तर पुष्कळदा वाक्याचा रोख नेमका उलटा निघतो. सत्याची ग्वाही देणारा शब्द उपहासाचा कसा झाला?

'फॉर' हे अव्यय आणि 'सूथ' म्हणजे सत्य, अशी याची फोड. हा 'सूथ' आपल्याला परका नाही. संस्कृतात 'अस्' धातूपासून 'सत्' झाले : जे आहे ते. त्याच्याच मूळ इंडो-युरोपीय रूपातून 'सूथ' आला. 'दन्त' आणि इंग्रजी 'टूथ' यांचे जे नाते, तेच 'सन्त्' आणि 'सूथ' यांचे. इंग्रजीत दोन्हीकडे अनुनासिक गळून स्वर दीर्घ झाला. म्हणजे आपले 'सत्य' आणि 'संत' हे या शब्दाचे भाऊबंदच.

चौदाव्या शतकाच्या अखेरीस विक्लिफच्या परंपरेतील मंडळींनी लॅटिन बायबल इंग्रजीत आणले, तेव्हा 'फॉरसूथ' गंभीरच होता. मात्र लॅटिनमधील 'आउतेम'सारख्या, केवळ वाक्ये जोडणाऱ्या निपातांसाठीही त्यांनी तो योजला. ग्वाही इतकी स्वस्त झाली की तिचे वजन उरत नाही. पुढे शेक्सपिअरच्या 'ऑथेल्लो'त, पहिल्याच प्रवेशात, इयागो कॅसिओच्या पुस्तकी युद्धज्ञानाची टर उडवतो ती याच शब्दाने.

'सूथ'च्या कुळातील 'सूद' या क्रियापदाची गतही पाहण्यासारखी आहे. त्याचा आरंभीचा अर्थ 'खरे करून दाखवणे' असा होता. मग समोरच्याच्या म्हणण्याला 'खरे आहे' म्हणत मान डोलावणे, त्याची मर्जी राखणे. आणि अखेरीस केवळ शांतवणे. सत्यापासून सांत्वनापर्यंतचा हा प्रवास खुशामतीच्या वाटेने झाला.

मराठीत 'फॉरसूथ'च्या या उत्तरकालीन छटेला जवळचा शब्द 'म्हणे'. 'मोठे विद्वान आहेत, म्हणे!' यातला डंख तोच आहे. वाट मात्र निराळी. 'म्हणे' पहिल्यापासूनच विधानाची जबाबदारी दुसऱ्यावर टाकतो. त्यात शंकेला जागा होतीच. 'फॉरसूथ'ने ती जबाबदारी स्वतःवर घेतली होती. तरीही दोघे एकाच जागी येऊन पोहोचले. वक्ता वाक्यागणिक सत्याची हमी देऊ लागला, की श्रोता आपोआप सावध होतो. आणि त्या सावधपणाची किंमत अखेर शब्दाला मोजावी लागते.